काळ वाकवायला वृत्त पुरेसं आहे
तुमच्या नियोजित गोष्टीतल्या कवीच्या ओळींनी काळ वाकतो, ही कल्पना मला फार आवडली. पण देवीच्या वरामुळे हे घडतं, हे मात्र पटलं नाही. वर कशाला हवा? हे काम कवितेचं वृत्त, म्हणजे लांब-आखूड अक्षरांचा ठरलेला क्रम, करतंच की!

मंदाक्रांता हे वृत्त घ्या. ओळीत १७ अक्षरं. पहिली चारही गुरू, म्हणजे लांब, प्रत्येकी दोन मात्रांची; तिथे जिभेला घाई करताच येत नाही. मग पाच लघू, म्हणजे एकेका मात्रेची आखूड अक्षरं, धावत सुटतात, एका गुरूवर थबकतात आणि उरलेली सात अक्षरं हेलकावे घेत जातात. कालिदासाचं अख्खं मेघदूत याच वृत्तात आहे. शापामुळे प्रियेपासून दुरावलेल्या त्यातल्या यक्षाला शापाचे उरलेले चार महिने कधी एकदा सरतील असं झालंय, आणि वृत्त त्याला एकेक क्षण भोगायला लावतं.

तेव्हा या कवीला नियम द्या: गुरू उच्चारला की गावातला क्षण लांबतो, लघूने आखडतो. आणि यतिभंग झाला, म्हणजे ओळीतला ठरलेला विराम चुकला, तर? तिथे काळाला चीर पडावी. एखादा माणूस उंबरठ्यावरच अडकावा, एक पाय कालच्या दिवसात, एक आजच्या. खरी गोष्ट इथून सुरू होईल.

अजून एक. हा कवी दरबारातला नको, पहाटे जात्यावर बसणारी बाई करा. खुंट्याच्या फेऱ्याबरोबर ती ओवीचं शेवटचं अक्षर हवं तेवढं लांबवते. दळण सरेपर्यंत उजाडू द्यायचं नाही, एवढी ताकद तिला नक्की द्या.