परिकेंद्र त्रिकोणाच्या बाहेर जातं, मुलीला कसं समजावू?

नमस्कार मंडळी,

मी नाशिकला अंबड एमआयडीसीत फॅब्रिकेशनचं काम करतो. मुलगी सातवीत आहे, मराठी माध्यमात. सध्या भौमितिक रचना चालू आहेत, त्यामुळे रोज जेवणं झाली की आम्ही दोघं कंपासपेटी घेऊन बसतो.

त्रिकोणाचे प्रकार तिला येतात. समद्विभुज आणि काटकोन ही दोन्ही नावं एकाच त्रिकोणाला लागतात, हे मात्र तिला पटत नव्हतं. पेटीतले दोन्ही गुण्ये समोर ठेवले. दोघांत काटकोन आहे, पण ४५-४५-९० वाला समद्विभुज आणि ३०-६०-९० वाला विषमभुज. तिने स्वतः पट्टीने मोजलं आणि विषय संपला.

काल अडलं ते वेगळंच. पाया ६ सेमी, बाकी बाजू ४ आणि ३ सेमी. कंस बरोबर छेदले, वरचा कोन ११७ अंशांच्या आसपास, म्हणजे विशालकोन त्रिकोण. मग तिन्ही बाजूंचे लंबदुभाजक (बाजूच्या मध्यातून काटकोनात जाणाऱ्या रेषा) काढले तर ते पायाच्या खाली, दीड सेमीवर मिळाले! तिला वाटलं कंपास ढिला आहे. तीनदा खोडलं, कागद झिजला, डोळ्यांत पाणी. मी त्या बिंदूवर कंपासचं टोक ठेवून वर्तुळ काढलं, तर ते तिन्ही शिरोबिंदूंतून गेलं. म्हणजे तोच बिंदू परिकेंद्र, त्या वर्तुळाचं केंद्र, आणि आकृती पहिल्यापासून बरोबर होती.

मग ३, ४, ५ सेमीचा काढला. शेडचं काम गुण्यात (काटकोनात) आहे का हे आम्ही याच मापाने बघतो: एका बाजूला ३ फूट, दुसऱ्या बाजूला ४, आणि तिरकं माप ५ आलं पाहिजे. इथे परिकेंद्र नेमकं कर्णाच्या मध्यावर आलं. ४, ५, ६ चा लघुकोन निघाला, त्यात ते आत.

आत, कडेवर, बाहेर हे तिने पाहिलं. पण विचारते, "पप्पा, केंद्र म्हणायचं आणि ते बाहेर कसं?" यावर "असंच असतं" म्हणायला माझं मन घेत नाही.

इथे कुणी गणिताचे शिक्षक असतील तर सांगा: कोन ९० च्या पुढे गेला की ते बाहेर का जातं, हे सातवीच्या मुलीला कळेल असं कसं सांगायचं? कागद दुमडून किंवा दोरा-खिळे वापरून दाखवता येईल का? वर्कशॉपमधून पट्ट्या, नट-बोल्ट आणून हलता त्रिकोण करायचीही माझी तयारी आहे. फक्त कोणती बाजू पक्की ठेवायची आणि कोणती सरकती, तेवढं सांगा.