मदत हवी आहे: चुकून रेकॉर्ड झालेलं बोलणं फिल्ममध्ये वापरावं का?

नमस्कार मंडळी. मी ठाण्यात नौपाड्यात राहते, नोकरी सांभाळून सुट्टीच्या दिवशी गाणाऱ्या-वाजवणाऱ्या माणसांवर छोट्या डॉक्युमेंटरी करते. सध्या मागच्या बिल्डिंगमधल्या एका काकांवर चालू आहे, वय ७८, जन्मभर पेटीची साथ केली, नाट्यसंगीत म्हणू नका, भजनी मंडळ म्हणू नका, सगळीकडे.

तर कॅमेरा चालू झाला की काका शाळेत इन्स्पेक्शन आल्यासारखे बसतात. वरचं बटण लावतात आणि १९४० साली रेडिओवर पेटीला बंदी आली ती १९७१ पर्यंत, पेटीत मींड (एका सुरावरून दुसऱ्यावर सलग घसरत जाणं) निघत नाही म्हणून कसं हिणवलं, हे सुरू. माहिती चांगलीच आहे हो, पण ती कुणीही सांगेल, मला काका हवेत. एकदाच पेटी उघडून पट्ट्यांखालची धूळ काढायला बसले तेव्हा दहा मिनिटं कॅमेरा विसरले होते.

मागच्या रविवारी शूट संपलं, पंखा लावला (आवाजात घरघर येते म्हणून शूटला पंखा बंद, खिडक्या बंद, काय उकडलं असेल बघा), मी लाइट आवरत होते आणि काकांच्या कॉलरचा माइक काढायचा राहिला, रेकॉर्डरही चालूच. घरी येऊन हेडफोन लावले तर कुकरची शिट्टी, भांडी, आणि काका काकूंना द्रुत म्हणजे जलद लयीतल्या वाजवण्याबद्दल सांगतायत, "द्रुतला करंगळी मागे राहते गं आता. तिथे भाता जोरात मारून दाबून नेलं. पोरीला नाही कळलं." काकू म्हणाल्या, "मला आत कळलं."

मला खरंच कळलं नव्हतं.

चार तासांच्या फुटेजपेक्षा हे चाळीस सेकंद भारी आहेत. काकांनी पहिल्याच दिवशी संमतीच्या फॉर्मवर सही केलीय पण ती सही यासाठी होती असं मनाला पटत नाही, आणि काकूंची तर सहीच नाही. मित्र म्हणतो आधी एडिट करून दाखव, ऐकलं की हो म्हणतील. हे मला कोंडीत पकडल्यासारखं वाटतं. बरं, आधी विचारलं आणि नाही म्हणाले तर ते गेलंच, शिवाय यापुढे माझ्यासमोर अजूनच ताठ बसतील. कुणी असं केलंय का? विचारायचं तर आधी काकूंना विचारू का?

जाता जाता अजून एक, ट्यूबलाइटखाली चित्र फडफडत होतं, आपली वीज ५० हर्ट्झ म्हणून २५ फ्रेम आणि १/५० शटर ठेवलं तर थांबलं, पण देवघरातला स्वस्तातला एलईडी अजून फडफडतोच. तो बंद करा म्हणायला जीभ रेटत नाही, काही उपाय?

शनिवारी परत जायचंय, काकूंनी आंबोळ्या करते म्हटलंय. त्याआधी कुणी सांगितलं तर बरं होईल.