मदत हवी आहे: अँथनी हॉपकिन्स यांच्या वॉल्ट्झची पियानोसाठी नोटेशन

आमच्या फिल्म क्लबमध्ये पुढच्या महिन्यात अभिनेते सर अँथनी हॉपकिन्स यांच्यावर ४० मिनिटांचा कार्यक्रम आहे. ‘द सायलेन्स ऑफ द लॅम्ब्स’ आणि ‘द फादर’ सगळ्यांनी पाहिलेत, त्यामुळे मला त्यांच्यातला संगीतकार दाखवायचा आहे. १९९६ च्या ‘ऑगस्ट’ या चित्रपटाचं दिग्दर्शन, मुख्य भूमिका आणि संगीत तिन्ही त्यांचंच, हेही अनेकांना माहीत नसतं.

शेवटी त्यांचा ‘अँड द वॉल्ट्झ गोज ऑन’ हा वॉल्ट्झ (तीन मात्रांच्या ठेक्यातली नृत्यधून) प्रत्यक्ष वाजवायचा बेत आहे. ही रचना त्यांनी १९६४ च्या सुमारास केली आणि डच व्हायोलिनवादक आंद्रे रिउ यांच्या ऑर्केस्ट्राने ती २०११ मध्ये व्हिएन्नात पहिल्यांदा वाजवली. जवळजवळ ४७ वर्षं कागदावरच!

रिउंचा व्हिडिओ आणि बर्मिंगहॅमच्या सिम्फनी ऑर्केस्ट्राने वाजवलेला २०१२ चा अल्बम दोन्ही ऐकून झालेत. नेटवर मिळालेल्या दोन फुकट पीडीएफ सॉफ्टवेअरने काढलेल्या निघाल्या. डाव्या हाताचे स्वर चक्क चुकीचे. शहरातल्या दोन वाद्यांच्या दुकानांतही विचारलं, नाही म्हणाले. वाजवणारी मुलगी पियानोच्या परीक्षांत पाचव्या ग्रेडची आहे, नुसतं ऐकून बसवणं तिला जमणार नाही. सोबत व्हायोलिन आहे, पण नसलं तरी चालेल. बजेट दोन हजारांपर्यंत. फोटोकॉपी नको, रीतसर विकतच घ्यायची आहे.

तर सोप्या पियानोसाठीची अधिकृत छापील किंवा डिजिटल प्रत भारतातून कुठे मागवता येईल? आणि तिकीट नसलेल्या, साधारण ३० जणांच्या कार्यक्रमात ती वाजवायला वेगळी परवानगी लागते का?