बाजेखालची धग, सुईण अन् सव्वा महिना: तुमच्या घरचं सांगा

तुरीचंवरण: भाचीचं सिझर झालं काल. आत्याबाई फोनवर म्हणे बाजेखाली गोवऱ्या पेटवा, अन् पोरगी एसीत झोपलेली! मग आमचं दर्यापूरकडचं घर आठवलं, माय बाळंतीण, अंधारी खोली, बाजेखाली घमेल्यात निखारे, त्यावर ओवा-बाळंतशेपाची धुरी, खिडकी बंद कारण वारा लागतो म्हणे. धाकटा तिथंच झाला, सुईणीला लुगडं अन् पायलीभर ज्वारी. तुमच्याकडे कसं होतं?

वऱ्हाडी_ठेचा: माही आजी तर वावरातच बाळंतीण झाली, कापूस वेचता वेचता. ओट्यातल्या कापसातच गुंडाळलं म्हणते पोट्ट्याले. दरवर्षी गोष्ट थोडी वाढते

संत्रागोळी: पोट्टा म्हणजे तुझा बाप?

वऱ्हाडी_ठेचा: काका. जन्मला तोच गादीवर, म्हणून वावरात जात नाही

आबाचा_नातू: जन्मतारखेचं कोणीच नाही बोललं. आमच्या घरी सगळ्यांचा बड्डे 1 जून, गुरुजींची कृपा. बुढी मात्र सांगे, तू तान्ह्या पोळ्याचा

सांजवात: एवढं गोड नव्हतं बरं का. माझ्या मायची दोन लेकरं महिन्याच्या आतच गेली, सटवाईनं नेलं म्हणाले अन् विषय संपला. तिला पाणीसुद्धा तोलून मापून द्यायचे. गडचिरोलीत डॉ. राणी अन् अभय बंग यांनी गावातल्याच बायांना शिकवलं, बाळाला ऊब कशी द्यायची, न्यूमोनिया कसा ओळखायचा, गरज पडली तर इंजेक्शन, सगळं घरीच. तिथले नवजात मृत्यू निम्म्याहून खाली आले, 1999 मध्ये लॅन्सेट या डॉक्टरी नियतकालिकात छापून आलं. आमच्या गावात तेव्हा फक्त अंगारा होता.

आशाताई_वर्धा: तेच काम आता आम्ही करतो ताई. दवाखान्यात बाळंतपण झालं तरी 42 दिवसांत सहा फेऱ्या. वजनाची झोळी काढली की आजीबाई ओरडतात, तोलू नको नजर लागते. पहिला चीक पिळून फेकायच्या, आता बऱ्याच जणी पाजतात, पण मधाचं बोट अजून लपून चालूच आहे. बाकी नंतर, आज लसीकरण आहे

संत्रागोळी: विषयांतर, लाडवाला चांगला डिंक कुठं मिळेल? सुनेला सातवा लागला

तुरीचंवरण: अगं अभिनंदन! परतवाड्याच्या बाजारात बघ, धावड्याचा घे. सलईचा नको, तो धुपाचा

वऱ्हाडी_ठेचा: काकाले पाठवू का आणाले?