तुमची पहिली गाडी कोणती आणि ती घेऊन पहिल्यांदा कुठे गेलात?

परवा शेजारची मुलगी आरटीओत आठ काढून परवाना घेऊन आली, तिच्या घरच्यांनी पेढे वाटले. 1987 मध्ये मी लायसन्स काढलं तेव्हा सासरी दोन दिवस अबोला होता. गाडी म्हणजे लूना! पायडल मारून सुरू करायची, चढ आला की पुन्हा पायडल. पण सदाशिव पेठेतून डेक्कनला जाताना ‘अहो, मला सोडता का?’ म्हणणं बंद झालं. बायकांनो, तुमचं सांगा. सायकलही चालेल.

निशिगंधा : कायनेटिक होंडा, आत्याकडून आलेली. किक मारायला नको, गिअर नाही, बटण दाबलं की सुरू. साडीत किक मारून पाहिलेली बाईच त्या बटणाची किंमत सांगू शकेल.

पाटलीणबाई : आमच्याकडं आई डेअरीपर्यंत डोईवर किटली घेऊन जायची, दोन खेपा. मी स्कूटीच्या पुढ्यात किटल्या ठेवून एका खेपेत जाते. पहिल्या आठवड्यात पारावरची म्हातारी माणसं मान वळवून बघायची. आता तीच हात करत्यात, ‘पोरी, दवाखान्यापतूर सोड की.’

मुक्ता_ठाणे : जरा कडू लिहिते. गाडी येण्याआधी भाजी, वीजबिल, बँक, मुलाचा क्लास हे सगळं नवऱ्याकडे होतं. गाडी आली, आणि सासूबाईंच्या डोळ्यांच्या डॉक्टरांसकट सगळं माझ्याकडे आलं. ‘तुला गाडी येते ना?’ नोकरी होतीच. सहा महिन्यांनी हिशेब केला तर स्वतःसाठी कुठे गेले? एकदा. पार्लरला.

धागाकर्ती : मुक्ता, अगदी! आमच्याकडे तर पेट्रोलही माझ्याच पगारातून.

सोलापूरकर ताई : माझ्याकडं गाडी नाही, येतही नाही. पण मार्च 2023 पासून एसटीत बायकांना अर्धं तिकीट झालं, तेव्हापासून पंढरपूरला बहिणीकडं महिन्याला जाते. आधी वर्षातनं दोनदा, तेही ह्यांच्या सवडीनं. हे धाग्यात बसत नसेल तर राहू द्या.

धागाकर्ती : बसतं की! अगदी खिडकीशी बसतं.

आईचा_मुलगा : पुरुषांनी लिहिलं तर चालेल ना? मागच्या चाकाला साडीगार्ड असतो बघा. 1989 च्या केंद्रीय मोटार वाहन नियमांत मागचं चाक निम्मं तरी झाकावं असं आहे, मागे बसणाऱ्याचे कपडे अडकू नयेत म्हणून. म्हणजे साडी मागेच बसणार, हे नियम करणाऱ्यांनीही धरूनच ठेवलं असावं. माझी आई तीस वर्षं तशी मागे एका बाजूला बसली, मांडीवर पिशवी घेऊन. बाबा गेल्यावर 52 व्या वर्षी म्हणाली, शिकव. शाळेच्या मैदानावर रोज पहाटे, कुणी बघायच्या आत. दोनदा पडली. ब्रेक लावायचं सोडून पाय टेकवायची सवय शेवटपर्यंत गेली नाही. मग एका रविवारी मी उठलो तर गाडी जागेवर नाही, आई नाही, फोन घरातच. दोन तासांनी आली. कुठे गेली होतीस विचारलं तर म्हणाली, ‘इथेच.’ गाडी धुळीनं माखलेली, हुकाला उसाची दोन कांडकी. आमच्या आसपास ऊस कुठेच नाही. मी पुढे काही विचारलं नाही.