मुलाची भेट नाकारली, तर अवमान याचिका हाच उपाय आहे का?

धागाकर्ता:
आई-बाप वेगळे झाल्यावर मूल आईकडे असताना कौटुंबिक न्यायालयाने बापाला ठरवून दिलेली शनिवारची भेट दोन-चारदा बुडाली, की उच्च न्यायालयात अवमान याचिका दाखल करण्याची भाषा सुरू होते. माझा याला विरोध आहे. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्यानुसार दिवाणी अवमानासाठी आदेशभंग हेतुपुरस्सर होता हे दाखवावे लागते आणि ते दाखवले तरी शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही. यातून न्यायालयाचा मान राखला जाईल, पण मुलाची बुडालेली भेट काही भरून निघणार नाही. उलट आईला तुरुंगात पाठवणारा बाप, एवढीच त्याची ओळख मुलाच्या मनात उरेल. त्यापेक्षा 1984 च्या कौटुंबिक न्यायालय कायद्याच्या कलम 18 खाली त्याच न्यायालयात दरखास्त, म्हणजे आदेशाच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावावी आणि बुडालेल्या दिवसांच्या बदल्यात दिवाळी व मे महिन्याच्या सुट्टीतले जादा दिवस मागावेत.

प्रतिसाद 1:
पूर्णपणे असहमत. दरखास्तीत तारखा पडत राहतात आणि तोवर मूल मोठे होऊन बापाला विसरते. कुठल्याही खटल्याचा रोजनामा (प्रत्येक तारखेला काय घडले याची न्यायालयातली नोंद) उघडून पाहा: एकदा ताप, एकदा चाचणी परीक्षा, एकदा मामाचे लग्न. प्रत्येक कारण सुटे घेतले तर खरे वाटते, सलग वाचले की डाव कळतो. मूल ज्याच्याकडे असते, त्याच्या बाजूने काळच लढत असतो. त्याला धाक फक्त कैदेचा. सर्वोच्च न्यायालयाला हमी देऊन मुलाला केनियात नेणाऱ्या आणि ती हमी झुगारणाऱ्या वडिलांना 2022 मध्ये अवमानाबद्दल दोषी ठरवले गेले. तिथे दरखास्तीने काय साधले असते?

प्रतिसाद 2:
दोघेही मुलाला गृहीत धरत आहात. बारा-तेरा वर्षांची मुलगी न्यायालयाच्या बालकक्षाच्या (जिथे अशा भेटी होतात) दारातच अडून बसली, तर तो आईने केलेला आदेशभंग की मुलीची इच्छा, हे शपथपत्रांवरून ठरत नाही. समुपदेशकाने मुलीशी एकटीशी बोलून दिलेला अहवाल आधी समोर यावा. अर्थात संमती-अटींवर, म्हणजे दोघांनी मिळून ठरवलेल्या अटींवर, सही करून न्यायालयाला हमी दिली असेल आणि पुढच्याच आठवड्यात फोन बंद ठेवला असेल, तर अशा व्यक्तीची कणव करण्याचे कारण मला दिसत नाही.

धागाकर्ता:
केनियाचे प्रकरण देशाबाहेर नेलेल्या मुलाचे होते. वांद्र्याहून ठाण्याला न पोचलेल्या मुलाला ते माप लावू नये. हमी मोडल्यास अवमान हे मलाही मान्य आहे, कारण कायद्याच्या व्याख्येतच ते आहे. शिवाय धाक कैदेचाच हवा असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेत जप्ती आणि दिवाणी कैद दोन्हींची तरतूद आहे.

प्रतिसाद 1:
तरतूद आहे, वापर किती होतो ते सांगा. आणि दरखास्तीच्या भरवशावर थांबणाऱ्यांनी लक्षात ठेवावे, की अवमानाची कार्यवाही सुरू होण्याला अवमान कायद्याच्या कलम 20 नुसार एका वर्षाची मुदत आहे.