हवशांनी रियाज करावा का?

डावा_डग्गा
जत्रेला हवशे, नवशे आणि गवशे येतात म्हणतात. तबल्याच्या क्लासातला मी हवशा. वय 46, नोकरी बँकेत, दर शनिवारी संध्याकाळी क्लास, तिसरं वर्ष चालू आहे.

परवा सरांनी सगळ्यांना विचारलं, "घरी किती बसता?" शेजारचे गृहस्थ हसत म्हणाले, "सर, आपल्याला कुठे झाकीर हुसेन व्हायचंय!" सगळे हसले, मीही हसलो. पण घरी येईपर्यंत ते वाक्य डोक्यात खुपत राहिलं, कारण दोन वर्षं मी स्वतःला हेच सांगत होतो.

तीनताल ऐकून तरी सगळ्यांना ठाऊक असतो. 16 मात्रा : धा धिं धिं धा, धा धिं धिं धा, धा तिं तिं ता, ता धिं धिं धा. यातली मेख दहाव्या मात्रेला आहे. तिथे 'धिं'चा 'तिं' होतो. म्हणजे डग्ग्याचा, डाव्या हाताने वाजवायच्या तबल्याचा, घुमारा बंद, एकटा उजवा हात बोलणार. तेराव्या मात्रेपर्यंत डावा गप्प, चौदाव्याला परत हजर. मला वाटायचं हे मला जमतं. गेल्या दिवाळीत फोनवर रेकॉर्ड करून ऐकलं, तर डग्गा सोळाच्या सोळा मात्रा घुमत होता, पिठाच्या गिरणीसारखा. म्हणजे दोन वर्षं मी तीनताल वाजवतच नव्हतो.

मग रोज सकाळी 6 ते 6:40 बसायला लागलो. कायदे नाहीत, तुकडे नाहीत, म्हणजे ठेक्यापुढच्या कुठल्याच रचना नाहीत. अॅपवर लेहरा (तालाच्या आवर्तनात फिरत राहणारी धून) लावायचा आणि नुसता ठेका, म्हणजे वरचे मूळ बोल, तेही विलंबित, संथ लयीत. कंटाळा? भयंकर. सहाव्या की सातव्या आठवड्यात एका सकाळी दहाव्या मात्रेला डावा हात न सांगता गप्प बसला. तो आनंद मला आधीच्या दोन वर्षांत एकदाही मिळाला नव्हता.

माझं म्हणणं एवढंच : 'छंदच तर आहे' असं म्हणून आपण छंदातला सगळ्यात चविष्ट घास टाकून देतो. पटतं का?

रविवारचा_ब्रश
अजिबात नाही.

आठवडाभर टार्गेट, रिव्ह्यू, वर्षाअखेरीस अप्रेझल. रविवारी दोन तास जलरंग घेऊन बसतो. माझं आभाळ हमखास चिखलाचं होतं, कारण पहिला थर वाळेपर्यंत मला दम निघत नाही. होऊ दे. तो चिखल माझा आहे आणि त्याचा जाब कुणी विचारत नाही.

मध्ये एका ग्रुपवर गेलो. तिथे म्हणाले, 300 जीएसएमचा जाड कॉटन कागद घ्या, तीस दिवस रोज एक चित्र टाका. अकराव्या दिवशी चित्र चुकलं तेव्हा ऑफिसात मेल चुकल्यावर होतं तसं पोटात झालं. पुढचे चार महिने ब्रशला हात लावला नाही. माणसाला वाईट असण्याची मुभा देणारी एक तरी जागा आयुष्यात असावी. तुम्ही तीही काढून घेताय.

तिसरी_घंटा
हौशी म्हणजे कच्चा, हे कधी ठरलं? राज्य नाट्य स्पर्धेला नाटक बसवणारे सगळे हौशीच. आमच्यात एक एसटीत आहे, दोघी शिक्षिका, एकाचं किराणा दुकान. तालीम रात्री नऊला सुरू होते, संपते तेव्हा गल्लीतली कुत्रीसुद्धा झोपलेली असतात. दोन महिने हे, आणि प्रयोग एक. पैसे मिळत नाहीत, उलट सेटचा टेम्पो वर्गणीतून ठरतो. तिथे कुणी पाठांतर न करता आला आणि 'हौस आहे हो' म्हणाला, तर त्याला चहासुद्धा मिळणार नाही.

@रविवारचा_ब्रश, फरक एवढाच की नाटकात समोर दुसरा नट असतो. तुमचा चिखल कागदावर राहतो, आमचा सहकलाकाराच्या अंगावर उडतो.

दहाहजारी
कुठल्याही गोष्टीला 10,000 तास लागतात हे सिद्ध झालेलं आहे. रोज 40 मिनिटं म्हणजे 41 वर्षं. डग्गासाहेब, 87 व्या वर्षी भेटू.

संदर्भ_कुठाय
तसं सिद्ध झालेलं नाही. तो आकडा मानसशास्त्रज्ञ अँडर्स एरिक्सन आणि सहकाऱ्यांच्या 1993 च्या अभ्यासातून उचलला जातो. बर्लिनच्या संगीत अकादमीत व्हायोलिन शिकणाऱ्यांचा तो अभ्यास. त्यातल्या सर्वोत्तम गटाचा विसाव्या वर्षापर्यंतचा *सरासरी* सराव सुमारे 10,000 तास भरला. म्हणजे त्या गटातही कितीतरी जण त्या आकड्याच्या खालीच होते. हा नियम नव्हे, असं एरिक्सन यांनीच पुढे स्पष्ट केलं. त्यांचा भर तासांवर नव्हता. नेमकी चूक शोधून तेवढ्यावरच काम करण्यावर होता. दहाव्या मात्रेचं प्रकरण त्यात चपखल बसतं.

जाता जाता, त्याच अभ्यासात चांगले वादक दुपारी डुलकीही जास्त काढत होते. वामकुक्षीवाल्यांनी नोंद घ्यावी.

मध्यमेपर्यंत
मी 58 व्या वर्षी गांधर्व महाविद्यालयाच्या प्रारंभिक या परीक्षेला बसले. गायन. माझ्या आधीचा परीक्षार्थी नऊ वर्षांचा, त्याची आई मला म्हणाली, "तुमची नात आत गेलीय का?" परीक्षेचा धाक नसता तर हातावर टाळी-खाली देत ठेका दुगुनीत, म्हणजे दुप्पट लयीत, म्हणायला मी कधीच शिकले नसते. आता मैफलीत सम (तालाची पहिली मात्रा) अंगावर येते, पूर्वी नुसती टाळ्यांच्या वेळी कळायची.

कुकरची_शिट्टी
सगळे वाचले. एक प्रश्न कुणालाच पडला नाही. 6 ते 6:40 या वेळात @डावा_डग्गा यांच्या घरी डबा कोण करतं?

आमच्याकडे मॅरेथॉनचा छंद आहे. 'ह्यांना'. रविवारी पहाटे चारला गजर. नऊला परत आले की पाय वर, प्रोटीन, आणि 'आज बत्तीस झाले' ही बातमी. बत्तीस किलोमीटर चुकले नाहीत याचं मलाही कौतुक आहे. पण त्या वेळात दूध, पाणी, सासूबाईंच्या गोळ्या, मुलाचा प्रोजेक्ट हेही चुकलेलं नसतं, आणि त्याला मेडल नाही. मी पेटी शिकते. माझा रियाज दोन शिट्ट्यांच्या मधला. तिसऱ्या शिट्टीला भूप राग अर्धा सोडून उठायचं. निष्ठा माझ्याकडे भरपूर आहे हो, सलग चाळीस मिनिटं नाहीत.

रविवारचा_ब्रश
+1. आणि @तिसरी_घंटा, चहा नाही दिलात तरी चालेल, मी घरून आणीन.

डावा_डग्गा
@कुकरची_शिट्टी, डबा बायको करते. 6 ते 6:40 मध्येच. धाग्यात वेळ लिहिताना हे मनातसुद्धा आलं नव्हतं, हे जास्त वाईट. काल तिला तुमचा प्रतिसाद दाखवला. तिने 'बरोबर आहे' एवढंच म्हटलं आणि भाजी ढवळत राहिली. रात्री भाजी चिरून ठेवणं आणि सोमवार-गुरुवारचा डबा, एवढं मी अंगावर घेतलंय. त्या दोन दिवशी तबला नाही.

@रविवारचा_ब्रश, अकराव्या दिवसाचं पटलं. रोज चित्र *दाखवावं* लागलं असतं तर मीही पळालो असतो. माझी गिरणी फक्त माझ्या फोनने ऐकली. पण खरं सांगा, पहिला थर वाळेपर्यंत एकदाही थांबून बघावंसं वाटलं नाही?

रविवारचा_ब्रश
एकदा थांबलो होतो. आभाळ बरं आलं. पण त्या वीस मिनिटांत करायचं काय?

नवीन_खातं
विषयांतराबद्दल माफी. सकाळी सहाला तबला, आणि फ्लॅटमध्ये? आमच्या खालच्या मजल्यावरचे काका दुसऱ्याच दिवशी वर आले होते. काय करता?

डावा_डग्गा
खाली जाड सतरंजी, तिच्यावर जुनी गादी, तिच्यावर तबला ठेवायची चुंबळी. डग्ग्याच्या तोंडावर पंचाची एक घडी. दहाव्या मात्रेला हात बंद झाला की नाही, एवढं पंचातूनही कळतं.